कोळसा जमिनीत सडत नाही : न्यायमूर्तींना एका शेतकरी बाईचे खुले पत्र

प्रति,
मा. न्यायमूर्ती महोदय,
सर्वोच्च न्यायालय, नवी दिल्ली. मुंबई उच्च न्यायालय, नागपूर खंडपीठ. आणि राष्ट्रीय हरित न्यायाधिकरण, पुणे.

सविनय नमस्कार.

सुरुवातीलाच एक गोष्ट सांगून टाकते. आपल्यापुढे माझा कुठलाही खटला चालू नाही. चालू खटल्याबद्दल न्यायाधीशांना पत्र लिहू नये, एवढं मला कळतं. म्हणूनच हे पत्र पाकिटात घालून पाठवलेलं नाही, सगळ्यांच्या समोर लिहिते आहे. मी चंद्रपूर जिल्ह्यात वर्धा नदीच्या काठच्या एका गावात राहते. घरची सात एकर कोरडवाहू, त्यात पऱ्हाटी म्हणजे कापूस, आणि तूर. पाच वर्षं ग्रामपंचायतीत सदस्य होते, तेव्हापासून कागद वाचायची सवय लागली. पुतण्या वकिलीचं शिकतो. निकालपत्राचं इंग्रजी मला एकटीला झेपत नाही, म्हणून संध्याकाळी तो वाचतो आणि मी विचारत बसते. आमच्या शिवाराच्या पश्चिमेला उघडी कोळसा खदान आहे. आता ती पूर्वेला, गावाकडे सरकायची आहे.

पत्र लिहायचं धाडस एका जुन्या पत्रामुळे झालं. १९८३ साली डेहराडूनच्या एका संस्थेने सर्वोच्च न्यायालयाला पत्र लिहिलं होतं. मसुरीच्या डोंगरात चुनखडीच्या खाणी चालल्या आहेत, डोंगर ढासळतोय, झरे आटताहेत, असं त्यात होतं. न्यायालयाने ते पत्रच याचिका म्हणून दाखल करून घेतलं. १२ मार्च १९८५ च्या आदेशात न्यायालयाने म्हटलं की पर्यावरण आणि निसर्गाच्या समतोलाचा प्रश्न घेऊन आलेला या देशातला हा पहिलाच खटला आहे. काही खाणी कायमच्या बंद झाल्या, काही समितीची तपासणी होईपर्यंत बंद ठेवल्या गेल्या. खाणवाल्यांना त्रास होईल हे न्यायालयाला दिसत होतं आणि ते त्यांनी लिहिलंही. पण लोकांच्या निरोगी वातावरणात जगण्याच्या हक्कासाठी ही किंमत मोजावीच लागेल, असंही लिहिलं. पुतण्याने हे वाचून दाखवलं त्या रात्री मी त्याला तो भाग पुन्हा वाचायला लावला. आधी तपासणी, मग खाण. चाळीस वर्षांपूर्वी आपल्याच न्यायालयाने हा क्रम लावून दिला होता.

आता आमच्या गावची गोष्ट. विस्ताराची जनसुनावणी झाली तेव्हा शाळेच्या पटांगणात मंडप टाकला होता. समोर टेबल, टेबलावर हिरवं कापड, पाण्याच्या बाटल्या. अहवाल इंग्रजीत, वीतभर जाड. मराठीत मिळाला तो त्याचा गोषवारा, थोड्या पानांचा. दोन तास भाषणं झाली, नोकऱ्यांच्या घोषणा झाल्या, थोडी बाचाबाची झाली. मग आमच्या शेजारचे काकाजी उठले. ऐंशीच्या घरातला माणूस. माईक कसा धरायचा तेही त्यांना माहीत नव्हतं. ते एवढंच बोलले : "साहेब, कोयसा काई जमिनीत सडत नाई. मंग घाई कायची हाय? आमच्या इहिरीची झिर एकडाव तुटली, का मंग ते कोन आनून देनार?" आणि बसले.

पुढे इतिवृत्ताची प्रत मिळाली. त्यात काकाजींचं बोलणं असं उतरलं होतं : "एका ग्रामस्थाने पाण्याबाबत चिंता व्यक्त केली."

न्यायमूर्ती महोदय, आपल्यापर्यंत जे पोचतं ते हेच वाक्य पोचतं. काकाजींनी विचारलेला प्रश्न पाण्याचा होता, त्याहून जास्त तो वेळेचा होता. माझं सगळं पत्र त्या एका प्रश्नावर आहे.

पुतण्याने मला समजावून सांगितलं की स्थगिती मागितली की न्यायालय तीन गोष्टी पाहतं. प्रथमदर्शनी बाजूत दम आहे का. स्थगिती दिली तर जास्त गैरसोय कुणाची, न दिली तर कुणाची. याला वकील मंडळी बॅलन्स ऑफ कन्व्हिनियन्स म्हणतात. आणि तिसरी गोष्ट, पैशाने भरून न येणारं नुकसान कुणाचं होतंय. मला वाटलं, हे तर आमच्याच बाजूचं माप आहे. खदान सहा महिने उशिरा सुरू झाली तर कंपनीचं व्याज वाढेल, मशिनी उभ्या राहतील, टनामागे हिशोब काढता येईल. कोळसा मातीआड आहे तोवर तसाच राहतो. उघडा पडून हवा लागली तरच तो आतून तापतो आणि धुमसतो. पण आमची सहा महिन्यांत तुटलेली झिर, म्हणजे विहिरीतला झरा, कुठल्या व्याजाने परत येणार?

तरी बहुतेक वेळा होतं उलटंच. एका पारड्यात देशाची विजेची गरज, हजारो कोटींची गुंतवणूक, सरकारचा महसूल, रोजगार असं सगळं मोजून-मापून ठेवलेलं असतं. दुसऱ्या पारड्यात एकच शब्द टाकलेला असतो, 'पर्यावरण'. जणू तिकडे नुसते वाघ आणि साग आहेत. आमचा कापूस त्यात नसतो, विहीर नसते, शेळ्या नसतात, गुरांचं आखर नसतं. कापूस हाही या देशाचा रोजगार आहे. तो महसूलही देतो. पण खदानीच्या खटल्यात तो मोजलाच जात नाही, कारण त्याच्या बाजूने उभं राहून आकडे मांडणारं कुणी नसतं.

तो कापूस कसा होतो ते जवळून सांगते, कारण वेचणी बाया करतात आणि हे बायांना जास्त माहीत आहे. कोळशाचा रस्ता आमच्या धुऱ्यापासून, म्हणजे बांधापासून, दोन वावरं सोडून जातो. दिवसरात्र हायवा, म्हणजे कोळशाचे मोठे ट्रक, चालतात, रेल्वेच्या सायडिंगवर जातात आणि रिकामे परत येतात. दिवाळीनंतर पहाटे दहिवर पडतं. त्या ओल्या बोंडावर रात्रभर उडालेली भुकटी बसते आणि ऊन चढलं की चिकटून जाते. बोंडातून कापूस ओढला की आत बोटाएवढा पांढरा असतो आणि तोंडाशी करडा. ओटीत टाकताना बाया दोन बोटांनी वरचा थर झटकून पाहतात. थोडा जातो, थोडा आत सरकतो. दुपारपर्यंत नखांच्या कडा काळ्या होतात आणि भाकरीआधी हात धुतले तरी घास कचकचतो. जिनिंगवर गाडी उभी केली की ग्रेडर एक चिमूट घेतो, अंगठ्याने चोळतो आणि तो अंगठा आमच्या घरच्या माणसाच्या डोळ्यांसमोर धरतो. एक शब्द बोलत नाही. भाव तिथेच पडलेला असतो. रस्त्यापासून लांबच्या वावरातला कापूस त्याच दिवशी, त्याच जिनिंगवर चांगल्या भावात जातो.

या नुकसानीचा पंचनामा होत नाही. गारपिटीचा होतो, पुराचा होतो. भुकटीचा नमुना कृषी खात्याच्या कुठल्या रकान्यात बसतो ते मी तलाठ्यापासून तालुक्यापर्यंत विचारून आले. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या २००९ च्या मोजणीत चंद्रपूर देशातल्या अतिप्रदूषित औद्योगिक क्षेत्रांत चौथं होतं, प्रदूषणाचा निर्देशांक ८३.८८. पुढच्याच जानेवारीत अशा क्षेत्रांतल्या नव्या प्रकल्पांच्या मंजुऱ्या काही काळ थांबवल्या होत्या. म्हणजे हवा वाईट आहे हे सरकारी कागदावर आहे. तीच हवा आमच्या बोंडावर उतरते, हे मात्र कुठल्याच कागदावर नाही.

विहिरीचं गणित तर शाळेतल्या पोराला कळेल इतकं साधं आहे. उघडी खदान आमच्या विहिरींपेक्षा कितीतरी खोल जाते. खाली कोरडं ठेवायचं म्हणून तिथलं पाणी रात्रंदिवस उपसतात आणि नाल्यात सोडतात. पाणी उताराकडेच जाणार. पश्चिमेच्या वावरातली आमच्या भासऱ्यांची विहीर त्यांच्या आजोबांनी खणलेली, दगडी बांधणीची. तिने १९७२ च्या दुष्काळातही गावाला पाणी दिलं होतं, असं घरातली म्हातारी माणसं सांगायची. आता संक्रांतीनंतर तिच्यात बादली टाकली की दगडावर आपटल्याचा आवाज येतो. ब्लास्टिंगच्या हादऱ्याने एका बाजूचे चिरे आत सरकले आहेत. खदानीने भरपाई म्हणून टँकर दिला, तो प्यायच्या पाण्याचा. तुरीला टँकर कोण देणार?

आता आपल्या निकालांकडे वळते, कारण आपण खाणींवर बोललाच नाहीत असं मला म्हणायचं नाही. आपण खूप बोललात, ठणकावून बोललात. माझं दुःख एवढंच की ते बोलणं खोदून झाल्यावर येतं. गोव्यात लोहखनिजाच्या भाडेपट्ट्यांची मुदत नोव्हेंबर २००७ मध्येच संपली होती आणि त्यानंतर सप्टेंबर २०१२ पर्यंत झालेलं खाणकाम बेकायदा होतं, हे ठरलं एप्रिल २०१४ मध्ये. कोळशाचे २०४ ब्लॉक २४ सप्टेंबर २०१४ रोजी रद्द झाले. त्यातले काही ब्लॉक १९९० च्या दशकात वाटलेले होते. चालू खाणींना काढलेल्या कोळशावर टनामागे २९५ रुपये भरायला सांगितले. आमच्याच जिल्ह्यातली, भद्रावती तालुक्यातली बरांजची खाण त्या आदेशाने मार्च २०१५ अखेर थांबली. ओडिशात मंजुरीशिवाय किंवा मंजुरीपेक्षा जास्त काढलेल्या खनिजाची शंभर टक्के किंमत वसूल करा, असं ऑगस्ट २०१७ मध्ये म्हटलं. हे सगळे निकाल न्यायाचे होते, यात मला शंका नाही. पण प्रत्येक ठिकाणी वसूल झाला तो पैसा. कोळसा निघून गेला, खनिज जहाजातून गेलं, आणि वसुली खजिन्यात जमा झाली. वावर आणि झिर यांच्याकडे परत काहीच आलं नाही.

जमीन परत द्यायला सांगणारा एक आदेश मात्र मला फार जवळचा वाटतो. जानेवारी २०२० मध्ये सरन्यायाधीश शरद बोबडे यांच्या खंडपीठाने सांगितलं की खाणकाम संपल्यावर त्या जागेवर पुन्हा गवत उगवून देण्याची अट खाणवाल्यांवर घाला, गुरांना चारा मिळेल असं करा. बोबडेसाहेब आमच्या नागपूरचे. गुरांच्या चाऱ्याची आठवण देशाच्या सर्वोच्च न्यायालयाने काढली याचा मला खूप आनंद झाला होता. त्यानंतर मी मुद्दाम ओबीच्या ढिगाऱ्यावर, म्हणजे खदानीतून काढून रचलेल्या मातीच्या डोंगरावर चढून पाहिलं. वरून हिरवं दिसतं खरं. ती हिरवळ विलायती बाभळीची आणि सुबाभळीची, मधे गाजरगवत. आमची काळी माती, जी वर असायला हवी, ती मुरूम-दगडाच्या खाली गाडली गेली आहे. त्यामुळे गाय तिथे तोंड घालत नाही. रानडुकरं मात्र तिथे राहायला आली आणि त्यांच्यामागे वाघ आला. गेल्या हिवाळ्यात हरभऱ्याला पाणी द्यायला रात्री जायचं सगळ्यांनी बंद केलं, कारण दिवसा लाइट नसते आणि रात्री बाभळीत वाघ असतो. जंगलाच्या बदल्यात जंगल दिलं असं कागदावर लिहिलं जातं तेव्हा त्या जंगलात काय उगवलं आणि ते कुणाच्या घराला लागून उगवलं, हेही कुणीतरी पाहायला हवं.

गेल्या वर्षीच्या दोन तारखा आम्हा काकी-पुतण्याच्या चांगल्या लक्षात आहेत. १६ मे २०२५ ला सर्वोच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींनी सांगितलं की आधी प्रकल्प उभारायचा आणि मागाहून पर्यावरण मंजुरी घ्यायची, हे यापुढे चालणार नाही. काकाजींना मी हे सांगितलं तेव्हा त्यांनी हात जोडले. त्याच वर्षी १८ नोव्हेंबरला तीन न्यायमूर्तींच्या खंडपीठाने दोन विरुद्ध एक अशा बहुमताने तो निकाल मागे घेतला आणि विषय नव्याने ऐकायचं ठरवलं. बहुमताच्या निकालात एक मोठं कारण दिलं आहे : लोकांच्या पैशातून उभे राहिलेले हजारो कोटींचे प्रकल्प पाडावे लागतील. न्यायमूर्ती उज्ज्वल भुयान यांनी वेगळं मत लिहिलं. मी कायदा शिकलेली नाही, कुणाचं बरोबर ते ठरवणं माझं काम नाही. पण शेतकरी म्हणून एक गोष्ट मला स्पष्ट दिसते. खर्च झाला आहे म्हणून थांबवता येत नाही, असं एकदा ठरलं की प्रत्येक जण आधी खर्च करून टाकेल. आमच्याकडे एखाद्याने रात्रीतून धुरा फोडून शेजाऱ्याच्या वावरात पेरलं, तर सकाळी पंच त्याला असं म्हणत नाहीत की बियाणं महाग होतं, आता असू दे.

खदानीची बाजू मला माहीत नाही असं कृपया समजू नका. माझा मोठा पुतण्या खदानीतच कामाला आहे. दोन एकराला एक नोकरी या नियमात त्याला लागली. त्याच्या पगारावर घर बांधलं, धाकट्याचं वकिलीचं शिक्षण त्याच पगारातून होतं. चंद्रपूरचं २९२० मेगावॅटचं वीज केंद्र याच पट्ट्यातल्या कोळशावर चालतं आणि माझ्या घरातला दिवा त्या विजेवर लागतो. खदान आजच बंद करा, असं मी म्हणत नाही, म्हणूही शकत नाही. दून खोऱ्याच्या, म्हणजे मसुरीच्या त्या खाणींच्या, निकालात तर न्यायालयाने बेरोजगार होणाऱ्या खाण कामगारांचाही विचार केला होता. वनीकरण आणि मृदसंधारणाच्या कामात त्यांना घ्या, असं सांगितलं होतं. इतक्या बारकाईने दोन्ही बाजू पाहिलेल्या मी वाचल्या, म्हणून तर आपल्याला लिहिते आहे. आमच्या गावात आज नोकरी लागलेली घरं आणि न लागलेली घरं एकमेकांच्या तेराव्याला जातात, पण पंगतीत वेगवेगळी बसतात.

आणि वेळ लागतो तो आमच्यासाठीही फुकट नसतो. कोळशाच्या जमिनीसाठी १९५७ चा वेगळा कायदा आहे. गावात त्याला कुणी नावाने ओळखत नाही. 'सेक्शन फोर लागला' (म्हणजे इथे कोळसा शोधायचा आहे अशी सरकारची सूचना निघाली), 'सेक्शन नाइन झाला' (म्हणजे जमीन घेतल्याची घोषणा झाली) असंच बोलतात. सेक्शन फोर लागला की जमीन अजून आमचीच असते, तरी सगळं थिजतं. बँकेचा साहेब विहिरीच्या कर्जाला मागेपुढे पाहतो. घराची भिंत पडली तर माणूस ताडपत्री बांधतो, कारण उद्या उठायचं असेल तर आज विटा कशाला? पोरीला पाहायला आलेले पाहुणे आधी विचारतात, वावर खदानीत जातंय का? अशी वर्षं निघून जातात. म्हणून मी स्थगिती वर्षानुवर्षं चालवा असं मागत नाही. मी मागते ते असं : पहिला सुरुंग लागण्याआधी ऐका, आणि लवकर ऐका. ऐकून होईपर्यंत यंत्र जागेवर उभं राहू द्या.

आधी ऐकलं की काय होतं, तेही या देशाने पाहिलं आहे. ओडिशातल्या नियमगिरी डोंगराच्या बॉक्साइटचा प्रश्न १८ एप्रिल २०१३ च्या निकालाने ग्रामसभांकडे गेला. बारा ग्रामसभा बसल्या, बाराही नाही म्हणाल्या आणि डोंगर शिल्लक राहिला. आमच्या जिल्ह्यात ताडोब्याजवळच्या लोहाऱ्याच्या कोळशाला केंद्र सरकारने २००९ मध्ये नकार दिला. चिमूरकडचा बंदरचा ब्लॉक वाघांच्या येण्याजाण्याच्या वाटेवर येतो म्हणून २०२० च्या लिलावातून वगळला. या सगळ्या वेळी निर्णय खोदण्याआधी झाला, त्यामुळे 'आता एवढं झालंच आहे तर' असं म्हणायची पाळी कुणावर आली नाही.

आमची अडचण अशी की आधी यायला आम्हाला कळतच नाही. पर्यावरण मंजुरीविरुद्ध हरित न्यायाधिकरणात जायला तीस दिवस मिळतात. सबळ कारण दाखवलं तर आणखी साठ. नव्वद दिवसांनंतर दार बंद, मग न्यायाधिकरणाची इच्छा असली तरी ते उघडत नाही. आता हे नव्वद दिवस गावातून पाहा. मंजुरी इंग्रजीत संकेतस्थळावर चढते. वर्तमानपत्रात जाहिरात येते, ते वर्तमानपत्र गावात दोन घरी येतं. पेरणीचे दिवस असतील तर ते पण कुणी उघडत नाही. कळतं तेव्हा महिना गेलेला असतो. वकील गाठायचा, सातशे-आठशे किलोमीटरवर पुण्याला जायचं, जमिनीचे आणि पाण्याचे तज्ज्ञ आणायचे. खदानीकडे यासाठी स्वतंत्र ऑफिस असतं. आमच्याकडे एक पुतण्या आहे, तोही अजून परीक्षा देतो आहे. २०१९ पासून सर्वोच्च न्यायालयाचे काही निकाल मराठीत यायला लागले, त्याचा आम्हाला खरोखर उपयोग होतो. तसंच मंजुरीचं पत्र, त्यातल्या सगळ्या अटींसकट, मराठीत ग्रामपंचायतीच्या फलकावर लागेल त्या दिवसापासून तीस दिवस मोजावेत. एवढा अर्थ आपण कायद्यातून काढू शकता असं मला वाटतं. बारा डिसेंबर १९९६ ला आपण 'जंगल' या शब्दाचा अर्थ शब्दकोशाप्रमाणे घ्या म्हणून सांगितलं आणि त्यामुळे देशभरचं किती तरी रान वाचलं.

त्याच आदेशाच्या आधाराने २२ मे २०२५ ला पूर्व विदर्भातल्या सहा जिल्ह्यांतल्या ८६,४०९ हेक्टर झुडपी जंगलाबद्दल निकाल आला की ते जंगलच आहे. खडकाळ, मुरमाड, पळस-बोरी-भराटीचं रान, ज्याला पडीक म्हणून कुणीही हात घालत होतं. गावाला लागून आमचंही थोडं झुडपी आहे. शेळ्या तिथेच चरतात, होळीला गोवऱ्या आणि पळसाची फुलं तिथूनच येतात. आता एवढीच प्रार्थना आहे की ते जंगल ठरलं म्हणून शेळीवाल्याला हटकलं जाऊ नये आणि उद्या तेच जंगल खदानीला वळतं करून देताना भरपाईची झाडं तिसऱ्याच तालुक्यात लागू नयेत.

आणि शेवटचं मागणं, जे मला सगळ्यात जास्त मनापासून करायचं आहे. पाहणी करायला माणसं पाठवता तेव्हा पावसाळ्यात पाठवा. आमच्याकडे एकदा समिती आली होती, ती जानेवारीत. आदल्या रात्री रस्त्यावर टँकरने पाणी मारलं, हायवा दोन दिवस उभे ठेवले, ढिगाऱ्याच्या पायथ्याशी चुन्याने रेघा ओढल्या. जानेवारीत सगळंच छान दिसतं. जुलै २०२२ च्या पुरात वर्धा आमच्या जिल्ह्यात गावागावांत शिरली, तेव्हा ओबीच्या ढिगाऱ्याने नाल्याचं तोंड अडलेलं होतं. पाणी उलटं फिरलं आणि आमच्या तुरीत तीन दिवस उभं राहिलं. ओसरलं तेव्हा वावरात टाचभर चिकट करडा गाळ होता, सिमेंटसारखा. नांगराच्या फाळाला तो अजून लागतो. हे कागदावर वाचून कळत नाही. त्या वावरात उभं राहून पाय काढायला लागतो तेव्हा कळतं.

आपल्यापैकी कुणी स्वतः येणार असाल तर नागपूरहून चंद्रपूर आणि तिथून आमच्याकडे यायला दिवसभर लागणार नाही. जुलैच्या दुसऱ्या आठवड्यात या. गाडी पुलाच्या अलीकडेच ठेवावी लागेल, पुढे काळ्या मातीत चाकं रुततात. चपला हातात घेऊन धुऱ्याधुऱ्याने आलात तर पंधरा मिनिटांचं अंतर आहे. पश्चिमेची विहीर आधी दाखवीन, मग पूर्वेची. पूर्वेच्या विहिरीला अजून पाणी आहे. त्या दिवसांत ते हाताला लागेल इतकं वर आलेलं असतं, आणि काकाजी बहुतेक तिथेच बैल धूत असतात.

आपली विनम्र,
चंद्रपूर जिल्ह्यातील एक शेतकरी